तिसऱ्या टप्प्यातला दाब

17 मे 2025, सकाळी 7:59. श्रीहरिकोट्यात पीएसएलव्ही-सी61 ची 22 तासांची उलटगणती सुरू झाली. प्रक्षेपकाच्या माथ्यावर ईओएस-09 हा सुमारे 1,696 किलोंचा रडार उपग्रह होता. ढग असोत की काळोख, त्याला जमीन दिसणार होती. पूर, पिके, सीमा या सगळ्यांसाठी त्याची वाट पाहिली जात होती.

दिवस आणि रात्र. दुसऱ्या टप्प्यात द्रव इंधन भरायचे, जोडण्या आणि संगणक पुन्हा पुन्हा तपासायचे. तिसऱ्या टप्प्यात मात्र या तासांत भरण्यासारखे काहीच नसते, कारण त्याचे इंधन घन असते. अमोनियम परक्लोरेट, अ‍ॅल्युमिनियमची पूड आणि एचटीपीबी हा रबरी बंधक यांचा घट्ट लगदा मोटरीत ओततात आणि ठरावीक उष्णतेत आळू देतात. तो आळला की खोडरबरासारखा लागतो. केव्हलर धाग्यांच्या हलक्या कवचात असे सुमारे साडेसात टन इंधन बसते. पंप नको, टाक्या नकोत. लहानशा जागेत प्रचंड जोर मिळतो.

पण त्याची किंमतही आहे. द्रव इंजिन जमिनीवर चालवून, पारखून मग उडवता येते. घन मोटर एकदा पेटली की संपली. तिच्यासारख्या दुसऱ्या मोटरी जाळून पाहतात, हिची मात्र क्ष-किरणांनी आणि ध्वनिलहरींनी तपासणी करायची आणि भरवसा ठेवायचा. हा भरवसा पोकळ नव्हता. आधीच्या 62 उड्डाणांत पीएसएलव्ही पूर्णपणे फसले ते दोनदाच: 1993 साली पहिल्या उड्डाणात, आणि 2017 साली उष्णताकवच सुटले नाही तेव्हा.

18 मे, पहाटे 5:59. उड्डाण. पहिल्या टप्प्यात सुमारे 139 टन घन इंधन असते. त्याच्या पोलादी कवचांचे काम आपल्या इंदापूर तालुक्यातल्या वालचंदनगरातही होते. तो टप्पा चोख जळाला आणि दोन मिनिटांच्या आत गळून पडला.

सुमारे 6:01. दुसऱ्या टप्प्याचे विकास इंजिन सुरू. सगळे ठरल्याप्रमाणे.

6:03 नंतर. तिसरा टप्पा व्यवस्थित पेटला आणि मग मोटरीच्या आतला दाब घसरू लागला. घन इंधनाचे सगळे गणित या दाबावर चालते. दाब उतरला की ज्वलन मंदावते, जोर कमी होतो, आणि कक्षेसाठी लागणारा वेग हाती येत नाही. द्रव इंजिनात इंधनाचा प्रवाह कमीजास्त करता येतो. इथे तशी तोटीच नसते. नियंत्रण कक्षातल्या माणसांना पडद्यावरची रेषा नेमलेल्या वाटेवरून खाली झुकताना पाहण्यापलीकडे काही करता येत नव्हते. त्यांच्यातल्या अनेकांची कित्येक वर्षे त्या उपग्रहात गेली असतील.

थोड्याच वेळात. इस्रोचे अध्यक्ष व्ही. नारायणन यांनी तिसऱ्या टप्प्यातला दाब घसरल्याचे आणि मोहीम पूर्ण होऊ न शकल्याचे सरळ सांगितले. ईओएस-09 गेला. चौकशी समिती बसली.

12 जानेवारी 2026, सकाळी. समितीचा अहवाल लोकांपुढे आलेला नसतानाच पीएसएलव्ही-सी62 झेपावले. तो अहवाल आधी यायला हवा होता, असे मला ठामपणे वाटते. जी मोटर उडण्याआधी चालवून पाहता येत नाही, तिच्याबद्दल मागच्या अपयशातून जे कळले ते बाहेरच्या जाणकारांनाही तपासू द्यायला हवे. सी62 च्याही तिसऱ्या टप्प्याच्या अखेरीस यान स्वतःभोवती अस्थिरपणे फिरू लागले आणि मार्ग सोडून गेले. ईओएस-एन1 आणि त्याच्यासोबतचे छोटे उपग्रह कक्षेत पोहोचले नाहीत.