रिव्हर्स दिव्याचा स्विच

रिव्हर्स दिव्याचा स्विच हा मोटारगाडीच्या गिअरबॉक्सवर बसवलेला एक लहान विद्युत-स्विच होय. चालकाने रिव्हर्स गिअर टाकताच हा स्विच परिपथ पूर्ण करतो आणि गाडीच्या मागील बाजूचा पांढरा दिवा लागतो. गाडी आता मागे येणार आहे, ही सूचना मागे असलेल्यांना देणे आणि अंधारात चालकाला मागची जागा दाखवणे, अशी दोन कामे हा दिवा करतो.

हा दिवा चालकाला आपल्या आसनावरून दिसत नाही. त्यामुळे स्विच बिघडला तरी तो बिघाड दीर्घकाळ लक्षात येत नाही. मागे उभ्या असलेल्या माणसाला मात्र त्याचा धोका पहिल्या क्षणापासून असतो. रायगड जिल्ह्यातील न्हावा शेवा बंदराच्या परिसरात कंटेनर वाहून नेणाऱ्या लांब ट्रेलरांना माल उतरवण्यासाठी मागे यावेच लागते. अशा ठिकाणी या लहानशा भागाला विशेष महत्त्व प्राप्त होते. दिवा न लागण्याचे कारण दर वेळी स्विचच असते असे नाही. म्हणून स्विच बदलण्यापूर्वी क्रमवार तपासणी करणे आवश्यक ठरते.

रचना व कार्य

हाताने गिअर बदलण्याच्या गाडीत हा स्विच गिअरबॉक्सच्या कवचात आट्यांनी घट्ट बसवलेला असतो. त्याच्या आतल्या टोकाला स्प्रिंगवर बसवलेला दट्ट्या किंवा पोलादी गोळी असते. रिव्हर्स गिअर पडला की गिअर बदलणारा दांडा दट्ट्यावर दाब देतो, आतील दोन संपर्कबिंदू एकमेकांना टेकतात आणि वीज वाहू लागते. गिअर काढल्यावर स्प्रिंग दट्ट्याला पूर्वस्थितीत आणते व परिपथ तुटतो. स्विचच्या बाहेरच्या टोकाला बहुधा दोन तारांचा कपलर जोडलेला असतो.

विजेचा मार्ग साधारणपणे पुढीलप्रमाणे असतो : बॅटरी, किल्लीचा स्विच, फ्यूज, रिव्हर्स दिव्याचा स्विच, बल्ब, गाडीचा लोखंडी सांगाडा आणि तेथून परत बॅटरी. सांगाड्याशी असलेल्या या जोडणीला व्यवहारात ‘अर्थ’ म्हणतात. या मार्गातील कोणताही एक दुवा तुटला तरी दिवा लागत नाही. किल्ली चालू स्थितीत असेल तरच दिव्याला वीज मिळते. इंजिन सुरू असण्याची मात्र बहुतेक गाड्यांत गरज नसते. तपासणीच्या दृष्टीने ही गोष्ट उपयोगाची आहे.

रिव्हर्स दिव्यासाठी २१ वॉटचा बल्ब बराच प्रचलित आहे. १२ व्होल्टच्या गाडीत असा एक बल्ब सुमारे पावणेदोन अँपिअर, तर दोन बल्ब मिळून साडेतीन अँपिअर वीज घेतात. ही सगळी वीज स्विचच्या लहानशा संपर्कबिंदूंतून जाते. वारंवार होणाऱ्या उघडझापीमुळे ते बिंदू हळूहळू काळवंडतात व झिजतात.

स्वयंचलित गिअरबॉक्सच्या गाड्यांत रचना निराळी असते. तेथे गिअरची स्थिती ओळखणारा एकच संयुक्त स्विच रिव्हर्स दिव्यासह इतर कामेही करतो. उदाहरणार्थ, गाडी पार्क किंवा न्यूट्रल स्थितीत नसेल तर तो इंजिन सुरू होऊ देत नाही. अनेक नव्या गाड्यांत ही माहिती संगणकीय नियंत्रकामार्फत दिव्यापर्यंत पोहोचते. पुढे दिलेली दुरुस्तीची पद्धत मुख्यतः दोन तारांच्या साध्या स्विचला लागू होते.

कायदेशीर तरतूद

वाहनाच्या मागच्या बाजूला लाल दिवा आणि पुढच्या बाजूला पांढरा दिवा, हा रस्त्यावरील प्रकाशसंकेतांचा मूळ नियम आहे. केंद्रीय मोटार वाहन नियम, १९८९ मधील नियम १०८ मागच्या बाजूला लालखेरीज अन्य रंगाचा प्रकाश दाखवण्यास मनाई करतो आणि त्याला काही ठरावीक अपवाद सांगतो. नोंदणी क्रमांकाची पाटी उजळणारा पांढरा दिवा आणि वाहन मागे घेताना लागणारा पांढरा दिवा हे त्यांपैकी दोन अपवाद होत. त्यामुळे रिव्हर्स दिवा न लागणे हा जसा दोष आहे, तसाच गाडी पुढे जात असताना तो लागून राहणे हाही दोषच आहे. रात्री मागून येणाऱ्याला समोर पांढरा दिवा दिसल्यास पुढची गाडी आपल्याकडे येत आहे असा भ्रम होतो.

१ जुलै २०१९ पासून भारतात निर्माण होणाऱ्या प्रवासी मोटारींना मागचा अडथळा ओळखणारे संवेदक बसवणे बंधनकारक झाले. बाजारातून वेगळे बसवून घेतलेले संवेदक, मागचा कॅमेरा आणि गाडी मागे घेताना वाजणारी धून यांना पुष्कळदा रिव्हर्स दिव्याच्या तारेतूनच वीज दिलेली असते. अशा गाडीत स्विच निकामी झाला की दिव्याबरोबर ही सर्व साधनेही बंद पडतात.

बिघाडाची लक्षणे

* दिवा मुळीच लागत नाही : फ्यूज, स्विच, तार किंवा बल्ब यांपैकी कशातही दोष असू शकतो.
* दोनपैकी एकच दिवा लागतो : स्विच बहुधा निर्दोष असतो. बंद दिव्याचा बल्ब, होल्डर अथवा अर्थ तपासावा.
* गिअरचा दांडा हाताने दाबून धरला तरच दिवा लागतो : दट्ट्याची किंवा गिअर बदलणाऱ्या यंत्रणेची झीज झालेली असते.
* दिवा मंद लागतो : संपर्कबिंदू, कपलर किंवा अर्थ यांवर गंज चढलेला असतो.
* दिवा सतत लागून राहतो : स्विच आतून चिकटलेला असतो किंवा तारेचे आवरण फाटून ती दुसऱ्या तारेला टेकलेली असते.
* धून किंवा संवेदक चालू, पण दिवा बंद : ही साधने दिव्याच्याच तारेवर असतील तर स्विच काम करत आहे असे समजावे. दोष दिव्याच्या बाजूला शोधावा.

अनेक मोटारींना मुळातच एका बाजूला एकच रिव्हर्स दिवा असतो आणि दुसऱ्या बाजूच्या तशाच खणात धुक्यासाठीचा लाल दिवा असतो किंवा तो खण रिकामा असतो. म्हणून एकच दिवा लागतो, याला बिघाड ठरवण्यापूर्वी गाडीची पुस्तिका पाहावी.

निदान

तपासणी सोप्याकडून अवघडाकडे न्यावी. गाडी सपाट जागी उभी करून हँडब्रेक ओढावा, चाकांना उटी लावावी, इंजिन बंद ठेवून केवळ किल्ली चालू करावी आणि रिव्हर्स गिअर टाकावा. गाडीची पाठ भिंतीकडे असल्यास संध्याकाळी भिंतीवर पडणारा उजेड चालकाला एकट्यालाही आरशात पाहता येतो.

१. बल्ब व होल्डर : बल्बमधील तार तुटली आहे का, काच काळी पडली आहे का, हे पाहावे. होल्डरमधील पितळी पट्टीवर हिरवट थर असल्यास तो साफ करावा.

२. फ्यूज : रिव्हर्स दिव्याचा फ्यूज कोणता, हे फ्यूजपेटीच्या झाकणावर किंवा पुस्तिकेत दिलेले असते. फ्यूज जळालेला आढळल्यास तेवढ्याच अँपिअरचा नवा घालावा. तोही लगेच जळाल्यास मार्गात कोठेतरी शॉर्ट सर्किट आहे. अशा वेळी अधिक अँपिअरचा फ्यूज किंवा साधी तार घातल्यास तारांना आग लागण्याचा धोका असतो.

३. कपलर जोडून पाहणे : स्विचवरचा कपलर काढावा आणि गाडीच्या बाजूच्या कपलरमधील दोन टोके, मध्ये फ्यूज असलेल्या तारेच्या तुकड्याने क्षणभर जोडावीत. दिवा लागल्यास बल्ब, फ्यूज व तारा ठीक आहेत आणि दोष स्विचमध्ये किंवा त्याला दाबणाऱ्या यंत्रणेत आहे. दिवा न लागल्यास स्विच बदलून उपयोग नाही. कपलरपर्यंत वीज येते का आणि तेथून बल्बपर्यंत जाते का, हे पाहावे. स्विच थेट संगणकीय नियंत्रकाला जोडलेला असल्यास ही चाचणी करू नये.

४. स्विचची तपासणी : मल्टिमीटर रोध मोजण्याच्या स्थितीत ठेवून स्विचच्या दोन टोकांना लावावा. रिव्हर्समध्ये रोध जवळजवळ शून्य आणि इतर सर्व गिअरांत अमर्याद असावा. दोन्ही स्थितींत शून्य रोध आल्यास स्विच चिकटलेला आहे, तर दोन्ही स्थितींत अमर्याद आल्यास त्याचे बिंदू टेकत नाहीत.

मीटर फार थोडी वीज वापरतो. त्यामुळे गंजलेल्या संपर्कातूनही तो पूर्ण विद्युतदाब दाखवू शकतो. प्रत्यक्ष बल्बचा भार पडल्यावर मात्र तोच संपर्क अपुरा पडतो. वायरमन टेस्ट लॅम्पला पसंती देतात त्यामागे हेच कारण आहे. मीटरच वापरायचा असल्यास दिवा लागलेला असताना स्विचच्या दोन टोकांमधील विद्युतदाब मोजावा. तो अर्ध्या व्होल्टहून अधिक भरल्यास संपर्कबिंदू खराब झाले आहेत असे समजावे.

५. यंत्रणेची झीज : काढलेल्या स्विचचा दट्ट्या बोटाने दाबल्यावर परिपथ पूर्ण होतो, पण तो गिअरबॉक्सवर बसवल्यावर होत नाही, असे आढळल्यास दट्ट्याचे टोक झिजलेले असते, वॉशर प्रमाणाबाहेर जाड असतो किंवा गिअरचा दांडा पूर्ण सरकत नसतो. यांपैकी शेवटचा दोष नव्या स्विचनेही जात नाही.

स्विच बदलण्याची पद्धत

इंजिन व गिअरबॉक्स थंड झाल्यावर बॅटरीचे ऋण टोक सोडवावे. स्विच काही गाड्यांत बॉनेट उघडल्यावर वरून हाती येतो, तर काहींत गाडी उचलावी लागते. केवळ जॅकच्या आधारावर उचललेल्या गाडीखाली जाऊ नये. भक्कम स्टँड लावूनच खाली शिरावे.

स्विचच्या भोवतालची माती आधी पुसून घ्यावी, म्हणजे ती गिअरबॉक्समध्ये पडत नाही. कपलर त्याची खिट्टी दाबून काढावा, तारा ओढून काढू नये. खाली पसरट भांडे ठेवावे, कारण स्विच तेलाच्या पातळीखाली असल्यास गिअर ऑईल बाहेर येते. योग्य मापाच्या पान्याने स्विच सैल करून हाताने फिरवत काढावा. काही गिअरबॉक्समध्ये स्विचच्या मागे सुटी गोळी किंवा पिन असते. ती हरवू नये.

नवा स्विच जुन्याशेजारी धरून आट्यांचे माप, दट्ट्याची लांबी आणि कपलरचा आकार जुळतो का, हे पाहावे. आटे जुळले तरी दट्ट्या आखूड असल्यास दिवा लागणार नाही. वॉशर नवा घालावा. स्विच प्रथम हातानेच बसवावा आणि नंतर पुस्तिकेत सांगितलेल्या जोराइतकाच आवळावा. गिअरबॉक्सचे कवच बहुधा ॲल्युमिनियमचे असते व अधिक जोर लावल्यास त्याचे आटे कायमचे जातात.

बॅटरी जोडल्यावर प्रत्येक गिअर टाकून पाहावा. दिवा रिव्हर्समध्ये लागला पाहिजे आणि इतर कोणत्याही स्थितीत लागता कामा नये. सांडलेल्या तेलाची भरपाई करून पातळी तपासावी आणि थोडे अंतर गाडी चालवल्यानंतर स्विचपाशी तेल पाझरत नाही ना, याची खात्री करावी.

न्हावा शेवा परिसरातील महत्त्व

न्हावा आणि शेवा या दोन गावांवरून ओळखले जाणारे जवाहरलाल नेहरू बंदर २६ मे १९८९ रोजी कार्यान्वित झाले. देशातील प्रमुख कंटेनर बंदरांत त्याची गणना होते. बंदर आणि उरण–पनवेल पट्ट्यातील मालगोदामे यांच्या दरम्यान कंटेनरवाहू ट्रेलरांची सतत ये-जा असते.

कंटेनरची दारे मागच्या टोकाला असतात. त्यामुळे त्यातील माल धक्क्यावर उतरवायचा असेल, तर ट्रेलर पाठीमागून धक्क्याला लावावा लागतो. चाळीस फुटी कंटेनरची लांबी बारा मीटरहून थोडी अधिक भरते. त्याच्या थेट मागे उभा असलेला माणूस चालकाला कोणत्याही आरशात दिसत नाही. ट्रेलर वळणात असताना तर एका बाजूचा आरसा जवळजवळ निरुपयोगी होतो. अशा वेळी क्लीनरची हाक आणि मागचा पांढरा दिवा हीच दोन साधने उरतात. गोंगाटात हाक ऐकू येत नाही; तेव्हा हमाल, पहारेकरी व शेजारच्या गाडीचा क्लीनर यांना सावध करण्याचे काम एकट्या दिव्यावर येते.

ट्रेलरच्या बाबतीत निदानात आणखी एक टप्पा वाढतो. स्विच पुढच्या ओढगाडीच्या गिअरबॉक्सवर आणि दिवा मागच्या ट्रेलरवर असतो. दोहोंमधील वीज गुंडाळीच्या तारेतून व कपलरमधून जाते. ट्रेलर वारंवार सोडले व जोडले जात असल्याने या कपलरच्या पिना वाकतात आणि मळतात. दुसरा, चालू स्थितीतील ट्रेलर जोडून पाहिल्यास दोष पुढे आहे की मागे, हे तत्काळ कळते. अवजड वाहनांची विद्युतप्रणाली सामान्यतः २४ व्होल्टची असते. १२ व्होल्टचा बल्ब किंवा टेस्ट लॅम्प तेथे वापरल्यास जळून जातो.

खाडीकाठची खारी हवा व कोकणातील पावसाळा यांमुळे तांब्या-पितळेच्या जोडण्यांवर हिरवट गंज लवकर चढतो. कपलरवरील रबरी टोपी शाबूत ठेवणे, पावसाळ्यापूर्वी पिना साफ करणे आणि जोडणीवर योग्य ग्रीसचा पातळ थर देणे, हे त्यावरील उपाय होत. गाडी बाहेर काढण्यापूर्वी एका माणसाने मागे सुरक्षित अंतरावर, बाजूला उभे राहून दिवा पाहणे ही सर्वांत सोपी तपासणी आहे. तिला एक मिनिटही लागत नाही.

हे सुद्धा पहा

* गिअरबॉक्स
* फ्यूज
* मल्टिमीटर
* जवाहरलाल नेहरू बंदर
* उरण तालुका