अपील पडून आहे, म्हणून कोर्ट बंद?

पवईच्या वस्त्यांत पुनर्वसन योजनेची पात्रता यादी लागली की ‘अपात्र’ ठरलेला झोपडीधारक अपील करतो. सुनावणी होते, निकाल मात्र येत नाही. मग कोणीतरी जाणकार सांगतो : अपील प्रलंबित असेपर्यंत हायकोर्ट हात लावणार नाही, लावलाच तर ‘लवकर निर्णय घ्या’ म्हणून परत पाठवील. तेव्हा वकिलाची फी वाचवा आणि थांबा.

यातली पहिली समजूत कायद्याला धरून नाही. पर्यायी उपाय असताना रिट ऐकायची नाही, हा न्यायालयाने स्वतःवर घातलेला संयम आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ मधली मनाई नव्हे. सर्वोच्च न्यायालयाने १९९८ च्या व्हर्लपूल निकालात हे स्पष्ट केले आहे. शिवाय तक्रार निर्णयाविरुद्ध नसून निर्णयच न देण्याविरुद्ध असेल, तर पर्यायी उपाय उरतो कुठे? अधिकाऱ्याला त्याचे कर्तव्य करायला लावण्यासाठीच परमादेश आहे.

मौनाची दखल आपल्या कायद्याने घेतलेली नाही, असेही नाही. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ नुसार सरकारी कर्मचाऱ्याच्या अपिलावर सहा महिन्यांत आदेश झाला नाही, तर उपाय संपले असे मानून त्याला न्यायाधिकरणाकडे जाता येते. पुढे मुदत एक वर्षाची. म्हणजे थांबणाऱ्याचेच घड्याळ चालू असते. फ्रान्सने तर १९०० सालीच चार महिन्यांचे मौन म्हणजे नकार, असे ठरवून दाद मागण्याची वाट मोकळी केली होती. उलट आपल्या नगररचना अधिनियम, १९६६ मध्ये बांधकाम परवानगीच्या अर्जावर साठ दिवसांत उत्तर न मिळाल्यास परवानगी मानली जाते. त्याच अधिनियमातल्या शासनाकडच्या अपिलाला मात्र निकालाची अशी मुदत नाही. तिथे मुदत घालून द्यायला न्यायालयच हवे.

हायकोर्ट ‘लवकर निर्णय घ्या’ म्हणून परत पाठवते, या दुसऱ्या आक्षेपात तथ्य आहे. ‘विचार करा’ एवढ्याच आदेशाने कोणाचा हक्क ठरत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये आंध्र प्रदेश परिवहन महामंडळाच्या प्रकरणात बजावले. शिळ्या निवेदनावर असा आदेश मिळवून बुडालेली मुदत परत मिळत नाही, हे २००८ च्या सी. जेकब निकालात आले. पण यावरून याचिका व्यर्थ ठरत नाही. मागणी मोघम नको, एवढेच ठरते. मागायचे ते असे : ठरलेल्या तारखेपर्यंत कारणांसह आदेश, तोवर घराला संरक्षण आणि निकाल विरुद्ध गेल्यास दाद मागण्यापुरते आणखी काही आठवडे. तारीख उलटली तर अवमान याचिका करता येते. तीही वर्षाच्या आत.

न्यायालयातही रांग आहे, हे खरेच. बोरिवलीतल्या रखडलेल्या योजनेच्या प्रकरणात, २०२४ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने झोपडपट्टी कायद्याखालच्या दीड हजारांहून अधिक प्रलंबित खटल्यांची नोंद घेतली आणि कायद्याच्या अंमलबजावणीचा लेखाजोखा घेण्याची जबाबदारी मुंबई उच्च न्यायालयावर सोपवली. पण कोण पात्र, हा पुराव्याचा वाद आहे; अपील केव्हा निकाली काढणार, हा प्रश्न वेगळा आहे. दुसऱ्यासाठी साक्षीपुरावे लागत नाहीत. अपिलाची पोच, सुनावणीची तारीख आणि लेखी स्मरणपत्रे पुरतात.

आणि नुसते अपील म्हणजे स्थगिती नव्हे. यादी लागू राहते, नोटीस निघते, घर पडते. नंतर अपील जिंकले तरी लढा पाडलेल्या घराच्या भरपाईचा उरतो. म्हणून स्थगितीचा अर्ज अपिलाबरोबरच द्यावा. त्यावरही मौन राहिले, तर हायकोर्टात जाण्यासाठी नोटिशीची वाट पाहू नये.