यादीबाहेरचे सैनिक

जो देशासाठी बंदूक उचलतो तो त्या देशाचा नागरिक, हे समीकरण आपण शाळेपासून घोकत आलो आहोत. कॅनडातील जपानी वंशाच्या सैनिकांची हकीगत वाचल्यापासून मला ते तितके सरळ वाटत नाही.

ब्रिटिश कोलंबिया हा कॅनडाचा पश्चिम किनाऱ्यावरचा प्रांत. तेथे १८९५ पासून जपानी वंशाच्या माणसाला मत नव्हते. मग तो रीतसर ब्रिटिश प्रजाजन झालेला असो की तिथेच जन्मलेला. (१९०७ साली हिंदुस्थानातून गेलेल्यांचे, म्हणजे मुख्यतः शिखांचे, मतही असेच काढून घेतले गेले.) टोमेकिची होम्मा या गृहस्थाने नाव घालून घेण्यासाठी दावा लावला. तिथल्या न्यायालयांत तो जिंकला आणि १९०२ साली लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलात हरला. नुकसान केवळ मतापुरते नव्हते. वकिली करायची, औषधांचे दुकान काढायचे, तर प्रांताच्या मतदार यादीत नाव हवे. याद्यांचे महत्त्व सीमाभागातल्या वाचकाला मी निराळे सांगायला नको.

१९१६ साली व्हँकुव्हरच्या जपानी मंडळींनी स्वखर्चाने सुमारे २०० तरुणांची तुकडी उभारून कवायत सुरू केली. ओटावाच्या सरकारने ती नाकारली. तेव्हा हे तरुण रॉकी पर्वत ओलांडून अल्बर्टात गेले. तिथल्या पलटणींना माणसे कमी पडत होती. त्यांनी यांना घेतले. व्हिमी आणि हिल ७० च्या लढायांत ते लढले, पन्नासहून अधिक कामी आले. मासुमी मित्सुई याला शौर्याबद्दल मिलिटरी मेडल मिळाले.

परत आल्यावर प्रांताची यादी होती तशीच! अखेर १९३१ साली मित्सुई व त्याचे सोबती विधिमंडळापुढे गेले, आणि मताधिकार एका मताच्या फरकाने मंजूर झाला. तोही फक्त माजी सैनिकांना. त्यांच्या कॅनडात जन्मलेल्या मुलांना नाही.

अकरा वर्षांनी, जपानशी युद्ध जुंपल्यावर, किनाऱ्यावरच्या सुमारे २२ हजार जपानी वंशीयांना घरांतून उठवून आत डोंगराळ मुलखात धाडले गेले. त्यांत बहुतेक जण कॅनडाचेच होते. मित्सुईचे कोंबड्यांचे फार्म जप्त होऊन विकले गेले. नोंदणीच्या वेळी त्याने आपली पदके अधिकाऱ्यापुढे फेकली, असे सांगतात. ते खरे असावे असे मला वाटते. दुसरे त्याने करायचे तरी काय होते?

आणखी एक गंमत पाहा, गंमत म्हणवत नाही तरी. घरात बोलली जाणारी जी भाषा संशयाचे कारण ठरली, तीच १९४५ साली सैन्याला दुभाषी म्हणून हवी झाली. तरुण पुन्हा भरती झाले. त्यांच्या आप्तांना अजून किनाऱ्यावर परतायची मुभा नव्हती.

१ जानेवारी १९४७ रोजी कॅनडाचा स्वतःचा नागरिकत्व कायदा अमलात आला. तोवर सारेच कायद्याने ब्रिटिश प्रजाजन होते. त्याच वर्षी तिथल्या हिंदी लोकांना मत परत मिळाले. जपान्यांना १९४९ पर्यंत थांबावे लागले. १९८८ साली सरकारने माफी मागून हयात असलेल्यांना प्रत्येकी २१ हजार डॉलर दिले. मित्सुई आदल्याच वर्षी, शंभरीला काही महिने उरले असताना, वारला होता.