डासाला साहेबाचं नाव



रायपूरच्या ब्राह्मणपारातून बोलतोय. छत्तीसगडबाहेरच्या श्रोत्यांसाठी सांगतो, 'पारा' म्हणजे वस्ती, मोहल्ला. जुन्या रायपुरात असे पारे पुष्कळ आहेत: बुढापारा, कंकालीपारा, तात्यापारा. तात्यापारा म्हटलं की मराठी माणसाचे कान टवकारतात. नागपूरकर भोसल्यांचा अंमल या मुलखावर होता, त्या काळापासून मराठी घरं इथे रुजली आहेत, म्हणून नावातला तात्या आपल्याला ओळखीचा वाटतो. वस्तीला माणसाचं नाव पडलं की माणूस जातो आणि नाव राहतं. पुढे रिक्षावाला ते नाव दिवसातून पन्नास वेळा घेतो, पण तात्या कोण होता हे त्याला माहीत नसतं, आणि त्याचं काही अडतही नाही.

आजचा विषय याच तऱ्हेच्या नावांचा आहे, फक्त ती वस्त्यांची नाहीत, किड्यांची आहेत. आमच्या घरात 'डास' म्हणतात, दाराबाहेर पडलं की त्याचाच 'मच्छर' होतो. त्याला आणखी एक नाव असतं, शास्त्रातलं, लॅटिन वळणाचं. शहरात हिवताप पसरवणाऱ्या डासाचं हे नाव आहे 'ॲनोफिलीस स्टीफन्सी'. यातला स्टीफन्स कोण? आणि त्याचं नाव आपल्या डासाला का?

आधी रीत सांगतो, थोडक्यात. प्राण्यांना दोन शब्दांची नावं देण्याची पद्धत कार्ल लिनियसने रूढ केली आणि त्याच्या 'सिस्टिमा नॅचुरी' या ग्रंथाची 1758 ची दहावी आवृत्ती हा प्राण्यांच्या नावांचा आरंभबिंदू मानतात. पहिला शब्द वंशाचा, दुसरा जातीचा. माणसाचा मान राखायचा असेल तर त्याचं नाव दुसऱ्या शब्दात बसवायचं आणि त्याला षष्ठी लावायची. आपण 'रामाचा' म्हणतो तसं लॅटिनमध्ये पुरुषाच्या नावाला 'ई' लागतो, बाईच्या नावाला 'ए'. म्हणजे 'स्टीफन्सी' याचा साधा अर्थ 'स्टीफन्सचा'. (इंग्रज लोक या 'ई'चा उच्चार 'आय' करतात. आपण कशाला करायचा?) ॲनोफिलीस हा पहिला शब्द ग्रीक आहे, योहान मायगेनने 1818 साली दिलेला, आणि त्याचा अर्थ 'निरुपयोगी'. दोन्ही शब्द जोडून वाचा: 'स्टीफन्सचा निरुपयोगी'. याला मान म्हणायचं का, ते तुम्ही ठरवा.

स्वतःचं नाव स्वतःच द्यायला नियमाची बंदी नाही, पण तसं करणं असभ्य मानतात. त्यामुळे आपलं नाव दुसऱ्याने द्यावं लागतं. पुढची सगळी गंमत इथूनच सुरू होते.

आता 1897 च्या ऑगस्टमध्ये सिकंदराबादला जाऊ. रोनाल्ड रॉस हिवतापाचा माग काढत होता. हुसेन खान नावाचा त्याचा एक रुग्ण होता. अंगावर डास चावून घ्यायचे आणि डासामागे एक आणा घ्यायचा, असा त्यांचा व्यवहार होता. 20 ऑगस्टला रॉसने हुसेन खानाला चावलेला एक डास फाडला आणि त्याच्या पोटाच्या भिंतीत त्याला हिवतापाच्या जंतूच्या गाठी दिसल्या. जगाच्या वैद्यकाचा इतिहास बदलणारा तो क्षण. पण रॉसला त्या डासाचं नाव सांगता येईना! तो किड्यांचा जाणकार नव्हता, आणि भारतातल्या डासांवर हाताशी धरावं असं पुस्तकच नव्हतं. त्याच्या लिखाणात 'करडे', 'पट्टेरी' आणि 'ठिपकेदार पंखांचे' एवढीच डासांची वर्गवारी आहे. तो ठिपकेदार पंखांचा डास म्हणजे आजचा स्टीफन्सीच असावा, असं बहुतेक अभ्यासक मानतात.

नावाशिवाय पुढे काम चालणार कसं? रॉसचा डास कुठला हे ठरल्याशिवाय तो मद्रासला आहे का, लाहोरला आहे का, विहिरीत वाढतो की भातखाचरात, हे कोण सांगणार? मग एकदम धांदल उडाली. लंडनच्या ब्रिटिश म्युझियमने वसाहतींतून डास मागवले आणि फ्रेडरिक थिओबाल्ड त्यांचा महाग्रंथ लिहायला बसला. 1901 ते 1910 या काळात त्याचे पाच खंड निघाले. इकडे भारतात इंडियन मेडिकल सर्व्हिसच्या जॉर्ज जाइल्सने 1900 सालीच डासांवर एक पुस्तक काढलं होतं.

आता नावं कशी पडली ते ऐका. जाइल्सने 1901 साली एका डासाला 'थिओबाल्डी' नाव दिलं. त्याच वर्षी थिओबाल्डने एका डासाला 'जेम्सी' म्हटलं, ते सिडनी जेम्स या लष्करी डॉक्टरावरून. जेम्सने पुढे आणखी एकाचा मान केला, त्याच्याकडे मी येणारच आहे. मला हे वाचताना लग्नघरातला मानपान आठवतो. यांनी त्यांना आहेर केला, त्यांनी तिसऱ्याला, आणि प्रत्येकाच्या हातात एकेक डास! हसू येतं, पण ही माणसं काम करत होती. दलदलीत उभं राहून अळ्या गोळा करत होती आणि स्वतः तापाने फणफणत होती. मात्र आहेराच्या यादीत कोण आलं आणि कोण नाही, हे बघितल्याशिवाय पुढे जाता येत नाही.

स्टीफन्सचा डास आपल्या वऱ्हाडातला आहे. म्हणजे एलिचपूरचा, आजचं अचलपूर. तिथे लष्कराची छावणी होती, ती जागा म्हणजे आजचं परतवाडा. विल्यम ग्लेन लिस्टन या तरुण डॉक्टरने एलिचपुरात वर्षभर डासांच्या सवयी पाहिल्या आणि 1901 साली 'इंडियन मेडिकल गॅझेट'मध्ये त्यावर लेख लिहिला. त्यात त्याने या डासाचं वर्णन केलं आणि त्याला जॉन विल्यम वॉटसन स्टीफन्सचं नाव दिलं. रॉयल सोसायटीने हिवतापाच्या अभ्यासासाठी जे मंडळ नेमलं होतं, त्यातला हा शास्त्रज्ञ आधी आफ्रिकेत आणि मग भारतात फिरला होता. नाव देण्याजोगा माणूस होता, यात शंका नाही. याच स्टीफन्सने 1922 साली हिवतापाच्या एका जंतूला स्वतः नाव दिलं, तेव्हा कोणा माणसाचं दिलं नाही. अंड्याच्या आकारावरून साधं 'ओव्हेल' म्हटलं.

एलिचपूर तेव्हा निजामाकडून इंग्रजांकडे आलेल्या वऱ्हाडात होतं. दोन वर्षांनी, 1903 मध्ये, वऱ्हाड मध्य प्रांताला जोडलं गेलं आणि आमचं रायपूर व अचलपूर एकाच प्रांतात आले. म्हणून हा डास मला शेजारचा वाटतो. त्याला 'एलिचपुरेन्सिस', म्हणजे एलिचपूरचा, म्हणता आलं असतं. त्याला खानाचा म्हणजे 'खानी'ही म्हणता आलं असतं, कारण ज्या हुसेन खानाने आण्याआण्याला आपलं रक्त दिलं त्याचं नाव रॉसच्या नोंदींत लिहिलेलं आहे. ते कोणाच्या मनातही आलं नसेल.

लिस्टन पुढे मुंबईला गेला आणि प्लेगच्या पिसवांवर त्याने फार मोठं काम केलं. डासही मुंबईत होताच. चार्ल्स बेंटलीने 1911 सालच्या अहवालात मुंबईच्या हिवतापाचं खापर स्टीफन्सीवर आणि घरोघरच्या विहिरींवर फोडलं. विहिरी बुजवा, झाका, असा धोशा सुरू झाला आणि धर्मकृत्यांसाठी विहिरीचं पाणी लागणाऱ्यांनी विरोध केला. शतकानंतर हाच डास 2012 मध्ये आफ्रिकेतल्या जिबुतीत सापडला, 2016 मध्ये इथिओपियात. शहरातल्या टाक्यांत, पिंपांत वाढणारा हिवतापाचा डास आफ्रिकेला नवा होता. 2022 मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने त्याच्याविरुद्ध खास मोहीम जाहीर केली. आज तिथल्या आरोग्यसेवकांच्या तोंडी स्टीफन्स आहे. अचलपूर नाही.

आता तो राहिलेला आहेर. माझा सगळ्यात आवडता.

एडवर्ड हॅमिल्टन एटकेन. 'ईएचए' या सहीने लिहायचा, म्हणून लोक 'एहा' म्हणत. जन्म साताऱ्याचा, 16 ऑगस्ट 1851. वडील स्कॉटिश मिशनरी. शिक्षण मुंबई-पुण्यात झालं आणि 1870 ते 1876 पुण्याच्या डेक्कन कॉलेजात तो लॅटिन शिकवत होता! ज्याने पुण्यातल्या पोरांकडून लॅटिनची षष्ठी घोकून घेतली, त्याच्याच आडनावाला पुढे ती षष्ठी लागायची होती.

1876 मध्ये तो जकात आणि मीठ खात्यात शिरला. उरण, रत्नागिरी, कारवार, गोव्याची सरहद्द अशा बदल्या झाल्या. बंगल्यातले सरडे, मुंग्या, बेडूक, नोकरचाकर यांच्यावर त्याने मिश्कील पुस्तकं लिहिली. नोकरांवरची त्याची थट्टा आज वाचताना खटकते, प्राण्यांवरची मात्र अजून ताजी आहे. 1883 साली मुंबईत बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी निघाली, तिच्या आठ संस्थापकांत तो होता. त्या आठांत दोन मराठी डॉक्टर होते, डॉ. आत्माराम पांडुरंग आणि डॉ. सखाराम अर्जुन. ॲनोफिलीसच्या यादीत आत्माराम नाही, सखारामही नाही. अर्थात ते दोघे डासांच्या मागे नव्हते, हे सांगायलाच हवं.

1902 मध्ये एटकेनवर एक काम आलं. गोव्याच्या सरहद्दीवर जकातीचे नाके होते, तिथे मीठ खात्याचे शिपाई तापाने आजारी पडत. त्या नाक्यांवरच्या बदलीची सगळ्यांना धास्ती होती. डासांपासून या शिपायांना दूर कसं हलवायचं, हे बघायला एटकेन नाक्यानाक्यावर फिरला. त्या फिरतीत त्याला एक ॲनोफिलीस मिळाला. तो नवा आहे हे जेम्सने ओळखलं आणि 1903 मध्ये त्याचं नाव 'ॲनोफिलीस एटकेनी' झालं. म्हणजे एटकेनचा.

गंमत बघा. हा रानातल्या ओढ्यांचा डास. हिवताप पसरवणाऱ्या महत्त्वाच्या डासांत त्याची गणना होत नाही. शिपायांना लोळवणारा आरोपी शोधायला माणूस गेला आणि जवळजवळ निरपराध अशा डासाला त्याचं नाव मिळालं. मला ते बरंच वाटतं. निदान त्याचं नाव घेऊन कोणी मरत नाही. पण ज्यांच्या तापासाठी ही फिरती निघाली, त्या शिपायांपैकी एकाचंही नाव या गोष्टीत माझ्या हाती लागत नाही. नाव लागतं ते ओळखणाऱ्याच्या ओळखीच्या माणसाचं.

आणि लागलेलं नाव टिकेलच असंही नाही. रिकर्ड क्रिस्टोफर्स हा हिवतापाचा मोठा अभ्यासक, स्टीफन्सचा जोडीदार. थिओबाल्डने 1902 मध्ये एका डासाला 'क्रिस्टोफर्सी' नाव दिलं. नंतर कळलं की याच डासाला थिओबाल्डनेच वर्षभर आधी 'मिनिमस' म्हटलं होतं. आधीचं नाव खरं, हा नियम. आहेर परत! क्रिस्टोफर्स स्वतः मात्र 104 वर्षं जगला, 1978 पर्यंत.

उलटही होतं. स्लोव्हेनियातल्या गुहांत एक आंधळा भुंगेरा आहे, त्याला ऑस्कर शायबेलने 1937 मध्ये हिटलरचं नाव दिलं. ते आजही कायम आहे, कारण नाव नियमात बसत असेल तर केवळ लाज वाटते म्हणून बदलत नाहीत. त्या नावापायी शौकीन लोक भुंगेरे चोरून गोळा करतात आणि बिचारा किडाच धोक्यात आला आहे.

भारतीय माणसाच्या हातात नाव द्यायची लेखणी आली तेव्हा काय झालं? मंडयम अय्यंगार यांनी 1924 मध्ये बंगालमधल्या एका ॲनोफिलीसला 'वरुणा' नाव दिलं. साहेबाचं नाही, पाण्याच्या देवाचं. डासाची अळी पाण्यातच वाढते, त्यामुळे नाव चपखल बसलं. त्यांचा मान पुढे दुसऱ्यांनी केला. डासांच्या अळ्या मारणाऱ्या एका सूक्ष्म कृमीला 'अय्यंगारी' हे नाव आहे. आहेरच करायचा तर असा करावा!

अलीकडे आपल्याकडे गावांची नावं येऊ लागली आहेत. साताऱ्याजवळच्या ठोसेघरची एक टाचणी 2021 मध्ये 'ठोसेघरेन्सिस' झाली, सिंधुदुर्गातल्या चौकुळचा चतुर 2022 मध्ये 'चौकुळेन्सिस'. एलिचपूरला 1901 मध्ये जे मिळालं नाही ते चौकुळला मिळालं.

आणि 2021 मध्येच ठाणे-कल्याण भागातल्या एका उडी मारणाऱ्या कोळ्याला 'आयशियस तुकारामी' हे नाव मिळालं. कोळी कीटक नाही, त्याला आठ पाय असतात, हे मला ठाऊक आहे, टिप्पणीत कोणी लिहू नका. हे नाव आहे 26 नोव्हेंबर 2008 च्या रात्री गिरगाव चौपाटीवर कसाबला धरून ठेवताना गोळ्या झेललेल्या तुकाराम ओंबळे यांचं. ते शास्त्रज्ञ नव्हते, साहेबही नव्हते. पोलीस दलातले सहायक उपनिरीक्षक होते. गाव केडंबे, जिल्हा सातारा. ज्या साताऱ्यात एटकेन जन्मला तोच जिल्हा, आणि नावापुढे षष्ठीचा तोच 'ई'.