एका काडीवर चारच दांगो का?



आज ऐकूया जपानच्या एका जुन्या पदार्थाची गोष्ट. नाव दांगो. तांदळाच्या पिठीचे छोटे गोळे करून, उकडून बांबूच्या काडीत ओवायचे आणि गोड पाक लावून खायचे. आज तो सणावाराला, जत्रेत मिळतो. पण त्याचा जन्म टंचाईतला आहे.

जपानात शेकडो वर्षं शेतसारा तांदळात भरावा लागे. चांगला तांदूळ साऱ्यात जाई. पिकवणाऱ्याच्या घरी जव, राळा आणि उरलीसुरली कणी. एदो काळात, म्हणजे १६०३ ते १८६८ या वर्षांत, शेतकऱ्यांच्या घरात दगडी जातं रुळलं. भात म्हणून ताटात न शोभणारी कणी दळली की तिची पिठी होई आणि पिठीचे दांगो. साखर तेव्हा बाहेरून येई, महाग असे. म्हणून दांगो आधी नुसता सोया सॉस लावून निखाऱ्यावर भाजत. गोडवा मागाहून आला.

शहरात देवळांजवळ, रस्त्याकडेला दांगो विकले जाऊ लागले. एका काडीवर पाच गोळे, किंमत पाच मोन. मोन म्हणजे तिथलं तांब्याचं नाणं. १७६८ साली सरकारनं चार मोनचं नवं नाणं काढलं. मग गिऱ्हाईक गर्दीत एकच नाणं टेकवून पाच गोळ्यांची काडी घेऊन जाऊ लागलं, असं सांगतात. दर काडीमागे एक मोन बुडायचा. विक्रेत्यांनी काय केलं? काडीवर चारच गोळे लावले. गोळ्याचा भाव तोच राहिला, आणि गिऱ्हाइकाला डोळ्यांनी मोजता येत होतं. आजही तोक्योकडे काडीवर बहुधा चार गोळे असतात, तर क्योतोकडे पाच.

क्योतोतच इमामिया देवळाजवळ इचिवा नावाचं दुकान आहे. त्याची सुरुवात इसवी सन १००० ची मानतात. दांगोचाच भाऊबंद असलेला, भाजलेल्या मोचीचा एकच पदार्थ तिथे मिळतो, आणि दुकान घरातल्या बायका चालवतात.

आता घरची कृती. पिठीत लागेल तसं कढत पाणी घालून मळा. आपण मोदकाच्या उकडीला मळतो तसंच. किती मऊ? जपानी बायका म्हणतात, कानाच्या पाळीइतकं. छोटे गोळे उकळत्या पाण्यात सोडा. वर तरंगले की आणखी दोन मिनिटं ठेवा, मग गार पाण्यात टाका. काडीत ओवून तव्यावर डाग पडेपर्यंत भाजा. सोया सॉस, साखर, पाणी आणि चमचाभर कॉर्नफ्लोअर शिजवून केलेला दाट पाक वरून लावा. त्याच दिवशी संपवा. दुसऱ्या दिवशी गोळे कडक होतात, म्हणून विकायचे तर मागणीपुरतेच करावेत.

जपानात वसंतात फुलांचा बहर बघायला माणसं झाडाखाली जमतात, तिथेही दांगो हवाच. त्यावरून त्यांची म्हणच आहे, फुलांपेक्षा दांगो बरा. आपण म्हणतो, आधी पोटोबा, मग विठोबा.

मैत्रिणींनो, आपल्या गिरणीतही कणी निघते आणि मातीमोल भावानं जाते. गटाच्या पुढच्या बैठकीत एवढा हिशोब मांडा: किलोभर कणीचे किती नग होतात, आणि एका नगाला सरपण, साखर, आपली मजुरी धरून किती खर्च येतो? तो आकडा हाती आला, की काडीवर चार लावायचे की पाच, हे आपल्यालाच ठरवता येईल.