वाढीव पेन्शनचा वाद (ईपीएस-95)

साखर कारखान्यातून निवृत्त होऊन लिंबागणेशला (जि. बीड) परतलेल्या कामगाराची पेन्शन कर्मचारी पेन्शन योजना, 1995 नुसार ठरते: पेन्शनपात्र वेतन गुणिले सेवेची वर्षे, भागिले 70. वाद आहे तो वेतनाच्या आकड्याचा. सप्टेंबर 2014 पूर्वी त्याची मर्यादा 6,500 रुपये होती. पगार 20,000 आणि सेवा 14 वर्षे असेल, तर मर्यादेनुसार 1,300 रुपये, पूर्ण पगारावर 4,000.

पूर्ण पगाराचा पर्याय देण्यास अंतिम तारीख नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2016 मध्ये आर. सी. गुप्ता खटल्यात म्हटले. 4 नोव्हेंबर 2022 च्या निकालाने मात्र 1 सप्टेंबर 2014 पूर्वी पर्याय न देता निवृत्त झालेले वगळले गेले. असा पर्याय असतो, हे तेव्हा किती कामगारांना ठाऊक होते? पात्र ठरलेल्यांनाही आधी वर्गणीतील फरक व्याजासह भरावा लागतो.