कच्च्या मेथीचा घोळाणा : तीळ-कारळाचं कूट किती घालायचं, भाजी कशी धुवायची आणि कोणी जपून खायचं

रब्बीचा हंगाम लागला की आठवडी बाजारात मेथीच्या जुड्यांचे ढीग दिसतात. शेतात हरभऱ्याचे शेंडे खुडायला येतात, करडईची कोवळी पानं हाताशी असतात. याच दिवसांत विदर्भ, खानदेश, मराठवाड्यात घरोघरी घोळाणा होतो. काही ठिकाणी घोळणा म्हणतात, पश्चिम महाराष्ट्रात याच्याच जवळच्या पदार्थाला पचडी म्हणतात. नाव काहीही असो, पदार्थ एकच : कच्ची पालेभाजी, भाजलेल्या बियांचं कूट, कच्चं तेल, मीठ आणि तिखट. चुलीवर काही शिजवायचं नाही. ज्वारीची भाकरी गरम असली म्हणजे झालं.

करायला दहा-पंधरा मिनिटं लागतात. पण भाजी कच्ची खायची असल्यामुळे ती कुठून आली आणि कशी धुतली, याला इथं चवीपेक्षा जास्त महत्त्व आहे. म्हणून आधी तेच बघू.

फवारा कधी मारला, हे आधी विचारा

आपल्या घरची भाजी असेल तर फवारणी कधी झाली ते आपल्याला माहीत असतं. दुसऱ्याच्या शेतातून शेंडे खुडून आणले असतील तर मालकाला विचारल्याशिवाय कच्चे खाऊ नयेत. कीटकनाशकाच्या डब्यावर फवारणीनंतर किती दिवस थांबून काढणी करायची ते लिहिलेलं असतं. तेवढे दिवस झाले नसतील तर भाजी कच्चीही खायची नाही आणि शिजवूनही नाही. डब्यावरचा त्रिकोण बघा. लाल सगळ्यात जहाल, मग पिवळा, मग निळा, आणि हिरवा त्या मानानं सौम्य. पण हिरवा म्हणजे निर्धोक असा अर्थ कोणी काढू नये.

बऱ्याच जणांचा समज असतो की मिठाच्या पाण्यात भाजी बुडवली की औषध निघून जातं. पानावर बसलेलं औषध आणि धूळ पाण्यानं काही प्रमाणात निघते, हे खरं. पण आंतरप्रवाही औषधं झाडाच्या आत शिरलेली असतात. ती कितीही धुतलं तरी निघत नाहीत. तिथं दिवस मोजणं हाच उपाय.

हरभऱ्याचं आणखी एक आहे. त्याच्या पानावर आंब असते, चवीला आंबट, आणि ती जाऊ नये म्हणून जुन्या बायका हरभऱ्याची भाजी धुवत नसत. त्या काळी शेतात फवारा नव्हता. आता ही पद्धत सोडलेलीच बरी. थोडी आंब गेली तर लिंबू आहेच.

दुसरी गोष्ट पाण्याची. नाल्याच्या किंवा गटाराच्या पाण्यावर वाढलेली भाजी कच्ची खायची नाही, ती शिजवूनच घ्या. जिथं उघड्यावर शौचाला बसतात आणि डुकरं फिरतात, तिथल्या मातीतून पट्टकृमीची अंडी भाजीवर येतात. ही अंडी पोटात गेली की त्यातून निघालेल्या अळ्या मेंदूपर्यंत पोचू शकतात, आणि माणसाला फिट यायला लागते. डुकराचं मांस कधीच न खाणाऱ्यालाही हा आजार होतो, तो याच वाटेनं.

धुण्याची रीत सोपी आहे. आधी मुळं आणि जाड देठ काढून टाका, जुडी बांधलेली तशीच धुवू नका. मोठ्या पातेल्यात भरपूर पाणी घेऊन पानं त्यात पाच मिनिटं सोडा. मग पानं हातानं वर उचलून घ्या. पातेलं चाळणीत ओतू नका, कारण खाली बसलेली माती परत पानांवरच पडते. असं तीन पाण्यांनी करा. शेवटचं पाणी पिण्याचं असावं. पाण्याचा भरवसा नसेल तर उकळून गार केलेलं घ्या. मग पानं स्वच्छ फडक्यावर पसरून कोरडी होऊ द्या. ओल्या पानांवर कूट नीट बसत नाही, लगदा होतो.

कूट : यातच सगळी चव आहे

एका मध्यम जुडीला, म्हणजे निवडून-चिरून साधारण दोन-अडीच वाट्या मेथी झाली तर, दोन मोठे चमचे तीळ, एक मोठा चमचा कारळ आणि दोन मोठे चमचे शेंगदाण्याचं कूट पुरतं. कारळाला नाशिक-ठाण्याच्या डोंगराळ भागात खुरासणी म्हणतात. नुसत्या शेंगदाण्याचा घोळाणा बरेच जण करतात आणि तोही चांगला लागतो. पण कारळाचा जो खमंगपणा आहे तो शेंगदाण्याला येत नाही. घरात कारळ नसेल तर जवस भाजून घाला.

तीळ मंद आचेवर जाड बुडाच्या कढईत भाजा. ते फुगतात, तडतडतात, रंग किंचित बदलतो. तेवढ्यात उतरवा आणि लगेच ताटात काढा, नाहीतर तापलेल्या कढईत करपतात. कारळ वेगळे भाजायचे. ते मुळातच काळे असल्यामुळे करपल्याचं डोळ्याला कळत नाही. इथं कानावर आणि नाकावर भरवसा ठेवा. तडतड सुरू होऊन खमंग वास आला की बंद. करपलेले कारळ कडू लागतात आणि मेथीचा कडवटपणा त्यात मिसळला की ताटातलं कोणी खात नाही.

भाजण्याआधी कारळ पाखडून घ्या, त्यात बारीक खडे फार असतात. तिळाचा वास घेऊन बघा. खवट आला तर टाकून द्या. बुरशी लागलेले किंवा काळे पडलेले शेंगदाणे निवडून फेका. नुसतं भाजल्यानं बुरशीचं विष जात नाही. आणि एक गोष्ट पक्की लक्षात ठेवा : पेरणीसाठी आणलेल्या पाकिटातलं उरलेलं बियाणं कुटात कधीही घालायचं नाही. त्याला औषध चोळलेलं असतं, बहुतेक वेळा गुलाबी, निळा किंवा हिरवा रंगही असतो. ते धुऊनही खाण्याजोगं होत नाही.

गार झालेले तीळ आणि कारळ, चार-पाच लसूण पाकळ्या, एक-दोन हिरव्या मिरच्या आणि थोडं मीठ खलबत्त्यात जाडसर कुटा. मिक्सर असेल तर बटण एक-दोनदाच फिरवून थांबा. जास्त फिरवलं की तेल सुटून गोळा होतो. पण अख्खे तीळही घालू नका. ते नीट चावले जात नाहीत आणि पोटातून तसेच बाहेर पडतात, मग त्यातलं अंगाला काही लागत नाही.

घोळायचं कसं

मेथी बारीक चिरा. पानं अगदी कोवळी, लहान असतील तर नुसती खुडली तरी चालतात. त्यात एक बारीक चिरलेला कांदा किंवा मूठभर कांद्याची पात घाला. वरून तीळ-कारळाचं आणि शेंगदाण्याचं कूट, मग दोन चमचे कच्चं तेल. करडईचं किंवा शेंगदाण्याचं घाण्याचं तेल असेल तर चव वेगळीच. हातानं हलकं घोळा, पिळू नका. राहिलेलं मीठ आणि लिंबू अगदी शेवटी, ताटात वाढताना. मीठ आधी घातलं की भाजीला पाणी सुटतं.

मेथी फार कडू लागली तर काहीजण मीठ चोळून पिळून घेतात. कडवटपणा कमी होतो, पण त्या पाण्यासोबत जीवनसत्त्व क सुद्धा जातं. त्यापेक्षा कोवळी जुडी निवडा, किंवा कुटात चिमूटभर गूळ घाला.

अंगाला काय मिळतं

हिरव्या भाजीत आणि तिळात लोह असतं, पण वनस्पतीतलं लोह शरीर सहजी घेत नाही. लिंबू पिळलं की ते जास्त शोषलं जातं. उलट जेवणाला लागून चहा घेतला तर कमी होतं. रक्त कमी असलेल्या बायांनी आणि मुलींनी जेवणानंतर निदान तासभर तरी चहा टाळावा. न सोललेल्या 100 ग्रॅम तिळात 1000 मिलीग्रॅमच्या आसपास कॅल्शियम असतं. आकडा मोठा दिसतो, पण त्यातलं बरंच सालीत ऑक्झलेटला धरून बसलेलं असतं आणि सगळं अंगी लागत नाही. त्यामुळे तीळ खातो म्हणून दूध-ताक बंद करायचं कारण नाही. आणि रक्त फारच कमी असेल तर सरकारी दवाखान्यातल्या लोहाच्या गोळ्यांची जागा घोळाणा घेऊ शकत नाही.

यांनी जपून

हृदयाची झडप बदललेले किंवा रक्त पातळ राहण्यासाठी वॉरफेरीन, असेनोकौमारॉल यांसारख्या गोळ्या घेणारे लोक असतील, त्यांनी पालेभाजी एकदम वाढवू नये आणि एकदम बंदही करू नये. पालेभाजीतल्या जीवनसत्त्व के मुळे गोळीचा परिणाम कमी-जास्त होतो. रोज किती खायची ते डॉक्टरांना विचारून ठरवा. गरोदर बाई, वर्षा-दोन वर्षांचं लेकरू आणि अशक्त म्हातारं माणूस यांना भाजी वाफवूनच द्या. तीळ किंवा शेंगदाणा काहींना सोसत नाही. खाल्ल्यावर ओठ-तोंड सुजलं, अंगावर पित्त उठलं आणि दम लागला तर घरगुती उपाय करत बसू नका, 108 ला फोन लावा.

शिजवून करायचा असेल तर

पालक, चाकवत, तांदुळजा, राजगिरा यांना हेच कूट लावता येतं. उकळत्या पाण्यात पानं एक-दोन मिनिटं घालून काढा, गार पाण्यात टाका, घट्ट पिळा आणि चिरून कूट मिसळा. जपानमध्ये पालकाला भाजलेल्या तिळाचं कूट अगदी असंच लावतात, फक्त ते त्यात सोयाबीनचा खारट रस आणि थोडी साखर घालतात. मुतखड्याचा त्रास असणाऱ्यांनी पालक खायचाच असेल तर असा उकडून, पाणी फेकून, आणि तोही थोडाच.

कोरडं कूट काचेच्या बरणीत आठ-पंधरा दिवस टिकतं. कालवलेला घोळाणा मात्र तासाभरात संपवायचा. शेतावर डबा न्यायचा असेल तर भाजी, कूट आणि लिंबू वेगवेगळं बांधा आणि बांधावर बसल्यावरच कालवा.